भिंतीपलीकडची मोटर

गल्लीतलं कुत्रं गिरधरला रोज सकाळी घरी येताना बघायचं. जुलैच्या पहिल्या तारखेला त्याच वेळी तो डबा घेऊन उलट्या दिशेला निघाला, तर ते त्याच्यावर भुंकलं.

गिरधर चौदा वर्षं रात्रपाळीत होता. जळगावच्या एमआयडीसीत, अजिंठा रस्त्याच्या आतल्या बाजूला, चटईचा एक लहान कारखाना आहे. तिथल्या एक्स्ट्रूडरवर तो एकटा असे. प्लास्टिकचे दाणे दोनशे अंशांना वितळवून हे मशीन त्यांच्या काडीएवढ्या पोकळ नळ्या ओढतं, एका वेळी चोवीस. पाण्याच्या हौदातून थंड होत त्या पुढे रुळांवर ताणल्या जातात आणि रिळांवर गुंडाळल्या जातात. दिवसा बाकीचे कामगार त्याच नळ्यांच्या चटया विणतात. विणायला वीज थोडी लागते, वितळवायला फार. रात्रीची वीज स्वस्त होती, म्हणून विणायचं दिवसा आणि वितळवायचं रात्री. गिरधरचं झोपणं, जेवणं, सण, सोयरीक सगळं त्या एका दरामागे उलटं फिरलं होतं आणि त्याला त्याची इतकी सवय झाली होती की लग्नाची पत्रिका आली तर तो आधी मुहूर्त बघायचा, दुपारचा असेल तर झोपमोड म्हणून कपाळाला आठी घालायचा.

मग नवे दर आले. सकाळी नऊ ते संध्याकाळी पाच वीज स्वस्त, पाचनंतर महाग, आणि रात्रीची सवलत गेली.

मालक तेजस तिशीतला होता. वडिलांच्या माघारी कारखाना त्याच्याकडे आला होता. त्यानं गिरधरला ऑफिसात बसवून सांगितलं, "नाना, आता दिवसा सगळीकडे सोलरची वीज तयार होते. ती त्यांना खपवायचीय. म्हणून तुम्ही एक तारखेपासून दिवसा."

"आन रात्री?"

"रात्री झोपा की! एवढी वर्षं राहिलीय ती झोप."

तेजस हसला. मग म्हणाला, "दोन महिने बघतो, नाना. किलोमागे किती युनिट जातात आणि किती माल वाया जातो, एवढंच बघायचं. जमलं तर जमलं. नाहीतर हे मशीन काढून टाकू आणि तयार नळी गुजरातेतून आणू. तिकडची स्वस्त पडते."

मशीन काढून टाकलं की गिरधरही गेलाच. ते दोघांनीही बोलून दाखवलं नाही.

घरी बायकोला, झुंबरबाईला, त्यानं पाळी बदलल्याचं सांगितलं, तेव्हा ती बचत गटाच्या पापडांचं पीठ कुटत होती. ती म्हणाली, "बरं झाय." आणि कुटत राहिली. मेहरुण भागातल्या त्या दोन खोल्यांमध्ये रात्र तिची आणि दिवस त्याचा, अशी चौदा वर्षं वाटणी होती. दिवसभर बायका ओट्यावर बसून दबक्या आवाजात पापड लाटत, कारण आत गिरधर झोपलेला असे. रात्री ती पलंगावर आडवी-तिडवी पसरून झोपे. आता तो कडेला अंग चोरून पडू लागला. छताकडे बघत राही. चौथ्या दिवशी ती अंधारात म्हणाली, "तुमी कूस बदलतस नि मनी झोप मोडस."

दुसऱ्या दिवसापासून तो ओट्यावर झोपू लागला. झोपू म्हणजे पडू.

त्याला करमत नव्हतं याचं खरं कारण घरात नव्हतंच. ते कारखान्याच्या मागच्या भिंतीपलीकडे होतं.

मागच्या भिंतीला लागून एक दालमिल आहे. भिंत सात फूट उंच, वर काचा. दालमिलचं फाटक पलीकडच्या रस्त्याला उघडतं. तिथून इथं यायचं तर पाऊण किलोमीटरचा फेरा पडतो. दोन्ही प्लॉट एकाच ट्रान्सफॉर्मरवर आहेत, आणि दालमिलही तेव्हा रात्री चाले, त्याच स्वस्त विजेसाठी. पन्नास हॉर्सपॉवरची मोटर. ती सुरू होताना पहिली पाच-सहा सेकंद इतकी वीज ओढायची की गिरधरच्या मशीनचा दम जाई. वितळलेलं प्लास्टिक ढकलणारा स्क्रू मंदावे, दाब पडे, नळ्या बारीक होत आणि हौदाच्या तोंडाशी चोवीसच्या चोवीस तुटत. त्या पुन्हा एकेक करून ओढायच्या, रुळांतून घालायच्या, जोडायच्या म्हणजे पाऊण तास. आणि खाली जमलेला प्लास्टिकचा गुंता वाया.

नोकरीच्या सुरुवातीच्या दिवसांत हे रात्रीतून तीन-चारदा व्हायचं. मग एका रात्री भिंतीतून जाणाऱ्या जुन्या लोखंडी पाइपावर तीन टोले पडले. टण्, टण्, टण्. हा पाइप कधीकाळी दोन्ही प्लॉटच्या सामाईक बोअरचा होता, आता नुसताच कोरडा. टोल्यांपाठोपाठ मोटर सुरू झाली आणि नळ्या तुटल्या. दुसऱ्यांदा टोले पडले तेव्हा गिरधरनं स्क्रूची गती कमी केली आणि रूळही सावकाश केले. मोटर आली, व्होल्टेज बसलं, उठलं, नळ्या टिकल्या. तिसऱ्यांदा गती कमी करून त्यानं आपल्या बाजूनं पान्यानं एक टोला हाणला. म्हणजे कर आता चालू. तिथून पुढे पलीकडचा माणूस त्या एका टोल्याची वाट बघू लागला. तीन टोले, मग शांतता, मग गिरधरचा एक, मग मोटर.

पाइपाजवळची एक वीट निघालेली होती. तिथून पुढे चहाचा ग्लास जाऊ लागला, मग तंबाखू, मग बोलणं. पलीकडच्याचं नाव धनसिंग. शिरपूरच्या वर, सातपुड्याच्या पायथ्याचा पावरा आदिवासी. मिलच्या आवारातच राहायचा, महिन्यातून एकदा गावी जायचा. आवाज घोगरा. हातावर गोंदण. एवढंच गिरधरनं त्याचं पाहिलं होतं, मनगटापर्यंतचा हात. पण धनसिंगच्या पाड्यावर मोहाची किती झाडं आहेत, कोणतं अस्वलानं ओरबाडलेलं आहे, थोरलीला कुठं दिली, धाकटी शाळेत का जात नाही, सगळं त्याला ठाऊक होतं. धनसिंगलाही गिरधरचं सगळं ठाऊक होतं. झुंबरबाईशी त्याचं कशावरून फाटलं होतं तेसुद्धा. ते गिरधरनं दुसऱ्या कुणाला कधी सांगितलं नव्हतं. फोन नंबर दोघांनीही घेतला नाही. भिंत होती ना.

गिरधरच्या शेवटच्या रात्री धनसिंग म्हणाला होता, "आमना शेठ बी छतवर सोलर लावी राह्यना. आमी बी दिवसा येसूत. मंग आपण दिवसा भेटसूत, नाना."

म्हणून गिरधर वाट बघत होता.

पहिले पंधरा दिवस काही झालं नाही. मशीन झकास चाललं. सकाळी सातला हीटर लावायचे, नऊला नळ्या ओढायच्या, पाचला बंद. आजूबाजूला चटयांचे मागच माग, माणसं, रेडिओ, फोन. दिवसाच्या कामगारांना गिरधर ही फक्त ऐकीव गोष्ट होती. ते त्याला 'भूत आलं रे' म्हणून हसले, मग आपापल्या घोळक्यात डबे उघडायला बसले. तो मशीनपाशी बसून जेवला. मागच्या भिंतीकडे अधूनमधून जाऊन यायचा. पलीकडे नुसती पारवी घुमत होती. मिल अजून रात्रीच चालत असणार.

सोळा जुलैला सकाळी साडेदहाला व्होल्टेज बसलं आणि चोवीसच्या चोवीस नळ्या तुटल्या.

सगळे धावत आले. गिरधर हसत होता. त्याला ते हसू आवरेना. दालमिल दिवसा आली! त्यानं पाना उचलला, मागच्या दारानं भिंतीपाशी गेला आणि पाइपावर एक टोला मारला. थांबला. आणखी एक मारला. मग विटेच्या भोकाला तोंड लावून ओरडला, "धनसिंगभाऊ! अरे टोला तं मारना व्हता!"

पलीकडे मोटर घरघरत होती. तुरीचा भुसकट वास येत होता. कुणी काही बोललं नाही.

दिवसा आवाज फार, ऐकू गेलं नसेल, असं त्यानं ठरवलं. पण दुपारी पुन्हा नळ्या तुटल्या, संध्याकाळी पुन्हा. टोले नाहीत. दुसऱ्या दिवशी पाच वेळा. तिसऱ्या दिवशी गिरधरनं चार वाजताचा आपला चहा भोकात नेऊन ठेवला, पूर्वीसारखा. पाचला बघितलं तर साय धरून तसाच. चौथ्या दिवशीही तसाच. पाचव्या दिवशी ग्लास रिकामा होता. गिरधरनं तो उलटा करून बघितला. आता त्याच्या मनात दुसरंच शिरलं. धनसिंग तिथं आहे, चहा पितो, पण बोलत नाही. आपलं काय चुकलं? शेवटच्या रात्री आपण घाईत गेलो का? धाकटीच्या शाळेवरून त्याला फार बोललो का? तो आठवून आठवून एकेक वाक्य तपासू लागला.

तेजसनं विचारलं, "नाना, काय होतंय हे? पंधरा दिवस मशीन सोन्यासारखं चाललं आणि आता?"

गिरधरला माहीत होतं काय होतंय ते. पण सांगितलं असतं तर तेजस फोन उचलून दालमिलच्या शेठला बोलला असता, शेठ ऑपरेटरला बोलला असता, आणि पावऱ्याला नोकरीवरून काढायला वेळ किती लागतो? तो म्हणाला, "पाणी गरम शे, भाऊ. रातचं पाणी थंड राहे. दिवसा हौद तापस."

हे खोटं होतं, पण शहाण्याला पटेल असं खोटं होतं. तेजसनं रोज बर्फाच्या दोन लाद्या लावल्या. गिरधर स्वतःच्या हातांनी त्या हौदात सोडायचा आणि नळ्या तुटायच्या.

आठवड्यानं तेजसनं एक मुलगी आणली. हेमलता तिचं नाव. फिजिक्स घेऊन एम.एस्सी. झालेली, कारखान्यांची वीज कुठं जाते ते मोजणाऱ्या एका लहानशा ऑफिसात काम करणारी. तिच्या पिशवीत चिमट्यांसारखी मापं आणि एक राखाडी डबा होता. तिनं डबा वीजपेटीत जोडला, चिमटे तारांना लावले आणि वही काढली. पहिल्या दिवशी ती कुणाशी बोलली नाही. दर तासाला हौदात थर्मामीटर बुडवायची आणि आकडा लिहायची. दुसऱ्या दिवशी जेवायला ती गिरधरच्या समोरच्या पोत्यावर येऊन बसली, कारण बायकांच्या घोळक्यात तीही नवीन होती.

"काका, बर्फ टाकायच्या आधी पाणी चौतीस अंश होतं," ती भाकरी मोडत म्हणाली. "आता सव्वीस आहे. आधी दिवसाला सात वेळा तुटत होत्या. आता किती वेळा तुटतात?"

"सात," गिरधर म्हणाला.

"मग पाण्याचा काय संबंध?"

गिरधरनं कांदा फोडला. ती खवचटपणे विचारत नव्हती. तिला खरंच जाणून घ्यायचं होतं, आणि तेच अवघड होतं.

तिसऱ्या दिवशी तिनं डब्यातला आलेख लॅपटॉपवर काढून त्याला बोलावलं. सरळ चाललेल्या रेघेत सात खड्डे होते. "हे बघा. चारशे बारा व्होल्ट, आणि इथं एकदम तीनशे सत्तर. सहा सेकंद. मग परत वर. सातही वेळा नळ्या इथंच तुटल्यात. शेजारी कुणाची तरी मोठी मोटर सुरू होतेय."

"व्हई," गिरधर म्हणाला. "मागे दालमिल शे."

"तुम्हाला माहीत होतं?"

तिनं लॅपटॉप अर्धवट मिटला. मग तिला आणखी एक प्रश्न पडला, आणि पडला की विचारायचा ही तिची सवय होती. "पण मिल पूर्वी रात्रीच चालायची, असं तेजससर म्हणाले. म्हणजे हे खड्डे रात्रीही पडत असणार. तुमच्या रात्रीच्या नोंदींमध्ये वाया माल जवळजवळ नाहीच. चौदा वर्षं! रात्री नळ्या का तुटत नव्हत्या, काका?"

गिरधर उठला. ती मागोमाग गेली. भिंतीपाशी जाऊन त्यानं पाना घेतला आणि कोरड्या पाइपावर तीन टोले मारून दाखवले, मग थांबून एक. सगळं सांगितलं. चहाचं भोक दाखवलं. सांगताना त्याला वाटलं, ही हसेल. ती पाइपाला हात लावून उभी होती.

"म्हणजे तुम्हाला आधी कळायचं," ती म्हणाली. "आणि तो तुमच्या उत्तराची वाट बघायचा. काका, अशी यंत्रणा बसवायला लोक पैसे घेतात."

"आते तो बोलत नही."

"का?"

"तेच तं समजत नही, ताई. चहा पेस, पन बोलत नही."

"मग जाऊन विचारू या ना."

गिरधरला हे सुचलंच नव्हतं. चौदा वर्षांत तो त्या फाटकाशी कधी गेला नव्हता. ते त्याच्या डोक्यात कुठल्या वेगळ्याच गावाचं फाटक होतं.

पाऊण किलोमीटरचा फेरा मारून दोघं दालमिलच्या आवारात शिरले. गिरधरनं वाटेत शर्टाची वरची गुंडी लावली. मॅनेजर टेबलाशी तुरीचे दाणे दाताखाली फोडून बघत होता.

"धनसिंग? पावरा?" तो म्हणाला. "तो गेला की. पंधरा जुलैला. रात्रच बंद झाली तर रातचा माणूस ठेवून काय करू? शेठच्या मेव्हण्याची धुळ्याला सरकीची मिल आहे, अवधानला. तिकडं लावून दिला त्याला. माणूस चांगला होता."

पंधरा जुलै. नळ्या तुटल्या सोळाला. गिरधरनं बोटांवर मोजलं नाही, तरी मोजलं गेलं. दहा दिवस तो बर्फ टाकून ज्याला वाचवत होता तो इथं नव्हताच.

मोटरपाशी एक जाडा गडी कानात वायर घालून उभा होता. बादल म्हणून. हेमलतानं त्याला टोल्यांबद्दल विचारलं, तर त्यानं एका कानातली वायर काढली. "ते टणटण तुमचं व्हतं का? मले वाटनं पाइप तापस." मग गिरधरकडे बघून ओशाळं हसला. "आन तो चहा? मी समजनू कोन्ही नवस बोलेल शे भिंतीले. दोन दिस पाहीसन मंग पी टाका. साखर कमी व्हती, आबा."

"साखर त्याले कमीच लागे," गिरधर म्हणाला.

पुढचं सगळं दोन दिवसांत झालं. हेमलतानं दालमिलच्या स्टार्टरमधून एक वायर काढायला लावली. बटण दाबलं की आधी चटईच्या कारखान्यात घंटी वाजणार, दहा सेकंदांनी मोटर सुरू होणार. वायर विटेच्या त्याच भोकातून आली. मिस्त्रीनं वायर ओढून घेतली आणि उंदीर येतील म्हणून उरलेलं भोक सिमेंटनं लिंपून टाकलं. गिरधर शेजारी उभा होता.

घंटी वाजे, गिरधर गती कमी करी, मोटर येई, नळ्या टिकत. पहिल्या दिवशी घंटी वाजल्यावर त्यानं सवयीनं पाना उचलून पाइपाकडे दोन पावलं टाकली होती. तेवढ्यात दहा सेकंद संपले आणि मोटर सुरू झाली. घंटी उत्तराची वाट बघत नव्हती. त्या एकाच वेळी नळ्या तुटल्या. त्यानं गती कमी केली नव्हती.

महिनाअखेरीला तेजसनं कागद बघून टाळी वाजवली. "नाना, मशीन राहतंय! किलोमागे युनिटं रात्रीपेक्षाही कमी आलीत. पेढे आणा."

गिरधरनं पेढे आणले. हेमलता तिचा डबा काढून न्यायला आली होती. तिनं पेढा घेतला, डब्याच्या वायरी गुंडाळल्या आणि फाटकापर्यंत गेल्यावर परत फिरून म्हणाली, "काका, अवधानला जायला पारोळ्यावरून बस आहे. अडीच तास."

"माहीत शे, ताई."

"नाही, म्हटलं सांगावं."

सुट्टीच्या दिवशी तो निघाला. झुंबरबाईनं विचारलं, "कोठे?" तो म्हणाला, "धुळाले. एक माणूस शे." तिनं पापडांचं एक पुडकं पिशवीत घातलं. कोण माणूस ते विचारलं नाही. बस एरंडोल, पारोळा करत गेली. पारोळ्याला किल्ल्याच्या बाजूनं ऊन चढत होतं. दिवसाचा एवढा लांब रस्ता गिरधरनं जागेपणी फार वर्षांत बघितला नव्हता. दोन्हीकडे कपाशी गुडघ्याएवढी झाली होती. धनसिंगला काय काय सांगायचं ते तो मनात लावत होता. बर्फाचं सांगायचं, बादलनं प्यालेल्या चहाचं सांगायचं, ओट्यावर झोपतो ते सांगायचं.

सरकीच्या मिलमध्ये तेल काढून उरलेल्या ढेपेचा वास गच्च भरला होता. पोत्यांच्या थप्प्या पत्र्याला टेकल्या होत्या. फाटकावरच्यानं हाक मारली, "ए धनसिंग! तुझा पाव्हणा!"

थप्पीमागून एक माणूस पुढे आला. बारीक, चाळिशीचा, केस कपाळावरून मागे गेलेले. हातात पोती ओढायचा आकडा. गिरधर त्याच्या मागे बघू लागला, कारण त्याला साठीचा, भरल्या अंगाचा माणूस हवा होता. मग त्याला मनगटावरचं गोंदण दिसलं.

"नाना?" तो माणूस म्हणाला. आवाज तोच, घोगरा.

"धनसिंगभाऊ."

दोघं एकमेकांकडे बघत उभे राहिले. नमस्कार करावा की हात धरावा, हे ठरेना. धनसिंगनं आकडा या हातातून त्या हातात घेतला. "मले वाटे तुमी उंच शेतस," तो म्हणाला.

"मले वाटे तू म्हतारा शे."

दोघं हसले आणि ते हसू संपलं. धनसिंगनं एक पोतं झटकून बसायला दिलं. गिरधरनं पापडांचं पुडकं दिलं. धनसिंग म्हणाला, बरं शे ना घर. गिरधर म्हणाला, बरं शे. धाकटी? बरी शे. पाऊस? पडना थोडा. गिरधरला धनसिंगच्या तोंडाकडे बघवेना. त्या तोंडावर डोळे होते, मिशी होती, डाव्या गालावर एक वण होता, आणि यातल्या कशालाच त्यानं झुंबरबाईची गोष्ट सांगितलेली नव्हती. बर्फाचं सांगायचं राहिलं. चहाचंही राहिलं. पत्र्यावर ऊन टकटकत होतं. परतीची बस किती वाजता आहे, असं त्याच्या मनात आलं आणि त्याची त्यालाच शरम वाटली.

"पानी आनस," धनसिंग म्हणाला आणि थप्पीच्या मागे गेला.

पलीकडे माठावरचं झाकण वाजलं. पाणी ओतल्याचा आवाज आला. मग तो थांबला. आणि मग पोत्यांच्या पलीकडून धनसिंग बोलू लागला.

"नाना, तुमी गयात ना, त्याना बाद पंधरा रात मी तीन टोला मारू. जबाब नही. तरी बी उभा राहू. मंग चालू करू."

गिरधर पोत्यावर सरसावून बसला. पाठ थप्पीला टेकवली. "मी दिवसा मारू. तू नही व्हता."

"मले शेठनी सांगं सांजले. सकाळनी गाडी. भिंतपाशी उनू, मंग याद उनी, तुमी रातले नही."

"धनसिंगभाऊ, एक सांग. पहिला टोला तू कसाले मारा व्हता? तुले कोनी सांगं, मनी नळी तुटस?"

पलीकडून घोगरं हसू आलं. "तुमना खोलीना वरना झरोका मले दिसे. मी मोटर चालू करू नि तुमना बल्ब बारीक व्हये. नि लगेच तुमी शिवी देत. मोठी शिवी. तीन रात आयकी. चौथी रातले म्हनं, आधी सांगी देवाले पाहिजे या बुवाले. मन्ही मायनं नाव घेस तो."

गिरधर इतका हसला की त्याला ठसका लागला. पाण्याचा ग्लास पोत्यांच्या फटीतून पुढे आला, गोंदलेल्या मनगटासकट. त्यानं तो घेतला, प्यायला, आणि फटीतून परत केला. मग बर्फाचं सांगितलं. बादलच्या नवसाचं सांगितलं. ओट्यावर झोपतो ते सांगितलं. भोक लिंपलं तेही. धनसिंगनं सांगितलं की इथं दिवसभर माणसंच माणसं आहेत आणि बोलायला कुणी नाही. रात्री जाग येते, बाहेर बघावं तर चंद्र दिसतो, पण कुणाचा झरोका नाही. शेजारच्या प्लॉटवर काय होतं? होता एक प्लास्टिकवाला. बंद पडला, बिल भरवेना. रिकामाच पडलाय आता.

दोन तास तसेच गेले. दोघांतलं कुणी थप्पीला वळसा घालून गेलं नाही.

आतून कुणीतरी ओरडलं, "धनसिंग, एलिव्हेटर लाव! पोती चढवायचीत, गाडी उभीय!"

"जास, नाना."

"जाय."

गिरधर उठला. पिशवी खांद्याला लावली. निघताना तोंड दाखवावं का, असं त्याला वाटलं. तो दोन पावलं चालला. तेवढ्यात पोत्यांच्या पलीकडे लोखंडावर आकडा वाजला. टण्, टण्, टण्.

मग काहीच नाही. आतला माणूस पुन्हा ओरडला, "अरे लाव ना!" तरी पलीकडे काही हललं नाही.

गिरधरनं घाईघाईनं इकडंतिकडं बघितलं. पान्यासारखं काही दिसेना. त्यानं पिशवीतला रिकामा डबा काढला, जवळच्या वजनकाट्याच्या लोखंडी खांबावर तो एकदा आपटला, आणि उभा राहिला.

पलीकडे मोटर सुरू झाली.